संगणकातील खेळांचे बिऱ्हाड हलवताना

परभणी शहरात काय किंवा जिंतूर, सेलू, मानवत, गंगाखेडसारख्या तालुक्याच्या गावी काय, बेताच्या मिळकतीच्या घरांतूनही आता कॉम्प्युटर दिसू लागला आहे. कुणी हप्त्याने लॅपटॉप घेतो, कुणी जुना संच दुकानातून स्वस्तात आणतो. घरात यंत्र एक आणि त्यावर हक्क सांगणारे चार, अशी स्थिती असते. थोरल्या मुलीला महाडीबीटीवर शिष्यवृत्तीचा अर्ज भरायचा असतो. मुलाला स्पर्धा परीक्षेच्या सराव चाचण्या सोडवायच्या असतात. वडिलांना बचत गटाचा नाही तर पतसंस्थेचा हिशेब टाईप करायचा असतो. आणि सर्वांत धाकटा शाळेतून आला की दप्तर फेकून खेळाला बसतो.

मग एक दिवस पडद्याच्या कोपऱ्यात सूचना झळकते की जागा संपत आली आहे. अर्जाची प्रत जतन होत नाही, यंत्र गोगलगायीसारखे चालते आणि अर्जाची मुदत तर दोन दिवसांवर आलेली असते. अशा वेळी घराघरांत होणारा संवाद ठरलेला आहे.

"बाबा, यानं सगळा कॉम्प्युटर खेळांनी भरून टाकलाय. माझा फॉर्म कसा भरायचा?"

"काढून टाक ते खेळ-बिळ सगळे. शिकायला घेऊन दिलाय तो."

"बाबा, नका ना काढू! दोन महिने लागले मला तिथपर्यंत पोचायला."

मुलगी रडवेली, मुलगा रुसलेला आणि आई दोघांच्या मध्ये. शेवटी एक तर खेळ पुसले जातात, नाहीतर यंत्र दुकानात जाते आणि दुकानदार "फॉरमॅट मारावा लागेल" असे सांगून मोकळा होतो.

वाचक बंधू-भगिनींनो, या टोकाला जाण्याआधी दहा मिनिटे थांबून यंत्र नीट पाहावे. पुष्कळ घरांत यंत्राच्या एका खोलीत गर्दी झालेली असते आणि शेजारची खोली रिकामी पडून असते. अशा वेळी खेळ पुसण्याची गरज नाही. त्याचे बिऱ्हाड दुसऱ्या खोलीत हलवता येते. मात्र ते हलवण्याची रीत आहे. ती माहीत नसली की खेळही जातो आणि कधी कधी त्याच्या जोडीला घरातली कागदपत्रेही जातात. म्हणून ही रीत पालकांनी समजून घ्यावी आणि पाल्याकडून करवून घ्यावी, एवढ्यासाठी हा लेख.

जागा गेली कुठे?

कॉम्प्युटरवर 'धिस पीसी' हे चित्र उघडले की सी ड्राइव्ह, डी ड्राइव्ह अशी नावे दिसतात. प्रत्येकाखाली एक पट्टी असते. दहा टक्क्यांहून कमी जागा उरली की ती पट्टी निळ्याची लाल होते. विंडोज म्हणजे यंत्र चालवणारी मूळ व्यवस्था साधारणपणे सी ड्राइव्हवर राहते. नवा कार्यक्रम किंवा खेळ बसवताना आपण काही न पाहता 'नेक्स्ट, नेक्स्ट' दाबत गेलो की तोही सी ड्राइव्हवरच जाऊन बसतो. वर्षभरात सी भरतो आणि डी ओसाड राहतो.

येथे एक शंका वारंवार विचारली जाते. एक टीबीची डिस्क विकत घेतली, पण कॉम्प्युटर ९३१ जीबीच दाखवतो, तर दुकानदाराने फसवले काय? तसे नाही. डिस्क बनवणारे हजाराच्या पटीत मोजतात आणि विंडोज १०२४ च्या पटीत मोजते. माल तेवढाच असतो, मापे दोन आहेत.

डी ड्राइव्ह दिसला म्हणजे ती वेगळी डिस्क असेलच असे नाही. एकाच डिस्कचे दोन भाग पाडून त्यांना सी आणि डी अशी नावे दिलेली असू शकतात. एका घराला मधे भिंत घालून दोन खोल्या केल्या, तसा हा प्रकार. खेळ हलवण्याची रीत दोन्हींत सारखीच आहे. पण डिस्कच बिघडली तर दोन्ही खोल्या एकदम जातात, हे ध्यानात ठेवावे. डीवर ठेवले म्हणजे सुरक्षित झाले, अशी समजूत करून घेऊ नये.

पुसून टाकण्याचा खर्च

"पुसून टाक, पुन्हा उतरवता येईल," असे म्हणणे सोपे आहे. आपण हिशेबाची वही उघडून पाहू.

२००३ साली कॉम्प्युटरवर आलेला 'व्हाइस सिटी' हा खेळ सायबर कॅफेच्या काळात गावोगावी पोचला होता. त्याला सुमारे एक जीबी जागा पुरत असे. त्याच मालिकेतला पाचवा खेळ २०१५ साली कॉम्प्युटरवर आला आणि आज त्याला शंभर जीबीहून अधिक जागा लागते. बारा वर्षांच्या अंतराने आलेल्या एकाच घराण्यातल्या दोन खेळांचा हा फरक आहे. चित्रे बारीक झाली, आवाज स्वच्छ झाला, रस्ते-घरे-माणसे वाढली, तसतसे ओझेही वाढले.

आता आपल्याकडे ज्या घरी तारेचे इंटरनेट नाही, तेथे मोबाईलचाच आधार असतो. रोज २ जीबी मिळणारी योजना धरली आणि त्यातला थेंबही दुसऱ्या कशाला वापरला नाही, तरी १०० जीबीचा खेळ पुन्हा उतरवायला ५० दिवस लागतील. दीड जीबीची योजना असेल तर ६७ दिवस. तेवढ्या दिवसांत मुलीची व्याख्याने, मुलाच्या चाचण्या, आईचा व्हिडिओ कॉल, सारे बंद ठेवावे लागेल. जो खेळ वीस मिनिटांत शेजारच्या ड्राइव्हवर जाऊ शकतो, त्यासाठी दोन महिन्यांचा डेटा घालवणे हा तोट्याचा व्यवहार आहे.

दुसरा खर्च पैशात मोजता येत नाही. खेळात मूल जिथवर पोचले त्याची नोंद एका लहानशा फाईलमध्ये राहते. काही खेळ ती नोंद कंपनीच्या दूरच्या संगणकावरही ठेवतात, पण सगळे ठेवत नाहीत. ती फाईल गेली की मुलाची मेहनत गेली. मोठ्यांना ते क्षुल्लक वाटते. मुलाला मात्र इतकेच कळते की घरात आपल्या वस्तूची किंमत कुणालाच नाही.

आणखी एक गोष्ट पालकांनी जाणून घ्यावी. वर सांगितलेले दोन्ही खेळ १८ वर्षांखालील मुलांसाठी नाहीत. त्यांत गुन्हेगारी आणि रक्तपात भरपूर आहे. म्हणून खेळ हलवण्याआधी त्यावर कोणत्या वयाची खूण आहे ते पाहावे. वयाला न शोभणारा खेळ असेल तर तो काढावा, आणि का काढतो तेही मुलाला सांगावे. पण जागेचे निमित्त करून सरसकट सगळे पुसू नयेत. खेळ म्हणजे सगळी वाया गेलेली पोरे, हाही समज बरोबर नाही. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेने 'राजी' हा खेळ बनवला आणि २०२० साली तो जगभर विक्रीला आला. हरवलेला धाकटा भाऊ शोधायला निघालेली एक मुलगी त्याची नायिका आहे. चित्रकार, संगीतकार, संगणक जाणणारे अशा अनेकांच्या हातांतून असा खेळ तयार होतो. आपल्या जिल्ह्यातल्या मुलामुलींनाही तो एक व्यवसाय होऊ शकतो.

नुसते उचलून ठेवले तर

शासनाच्या पुढाकाराने स्थापन झालेल्या एमकेसीएलचा एमएस-सीआयटी हा अभ्यासक्रम २००१ पासून महाराष्ट्रात चालतो. नोकरीच्या निमित्ताने आपल्यापैकी कितीतरी जणांनी तो केला आहे. फोल्डर उघडणे, कॉपी करणे, कट करणे, पेस्ट करणे हे त्यात शिकवले. त्यामुळे वडील मंडळी म्हणतात, "त्यात काय मोठेसे? खेळाचा फोल्डर सीमधून कट करा आणि डीमध्ये पेस्ट करा."

पत्र, फोटो, गाणी, चित्रपट यांच्या बाबतीत हे बरोबर आहे. खेळाच्या बाबतीत मात्र फसगत होते. त्याचे कारण शेतीच्या व्यवहारावरून चटकन कळेल. समजा, एकाने शेत दुसऱ्याच्या ताब्यात दिले, नवा मालक नांगरणीही करू लागला, पण तलाठ्याकडे फेरफार झालाच नाही. सातबाऱ्यावर जुनेच नाव राहिले. उद्या पीककर्ज काढायचे म्हटले की अडले. शेत जागेवर आहे, मालकही आहे, पण नोंद जुळत नाही.

खेळ बसवताना विंडोजमध्ये अशीच नोंद होते. कोणता खेळ, कोणत्या ड्राइव्हवर, कोणत्या फोल्डरमध्ये, त्याला सोबत काय काय लागते, हे सारे रजिस्ट्री नावाच्या नोंदवहीत लिहिले जाते. खेळ विकणाऱ्या कंपनीचा जो कार्यक्रम यंत्रावर असतो, तोही आपली वेगळी नोंद ठेवतो. आपण फोल्डर उचलून डीमध्ये नेला तरी या दोन्ही नोंदी सीकडेच बोट दाखवत राहतात. पडद्यावरच्या चित्रावर टिचकी मारली की "फाईल सापडत नाही" असे उत्तर येते, किंवा खेळ बसवलेलाच नाही असे समजून यंत्र तो पुन्हा पूर्ण उतरवू लागते. म्हणून खेळ असा हलवावा की सामानाबरोबर नोंदही बदलेल.

'प्रोग्राम फाईल्स' हा फोल्डर पूर्णच्या पूर्ण उचलणे किंवा 'विंडोज' नावाच्या फोल्डरला हात लावणे हे तर मुळीच करू नये. त्याने यंत्र सुरू होणेच बंद पडू शकते.

स्टीमवरचे खेळ

कॉम्प्युटरवरील खेळांचे सर्वांत मोठे दुकान म्हणजे स्टीम. व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीने ते २००३ साली सुरू केले. 'काउंटर-स्ट्राइक २', 'डोटा २' असे खेळ तेथे फुकट मिळतात. स्टीममध्ये खेळ हलवण्याची सोय आतच दिलेली आहे, त्यामुळे काम सोपे आहे.

प्रथम डी ड्राइव्हवर खेळाएवढी जागा मोकळी आहे ना, ते पाहावे. खेळ ६० जीबीचा आणि जागा ५० जीबी असेल तर सुरुवातच करू नये. मग स्टीम उघडून वर डाव्या कोपऱ्यातील स्टीम या शब्दावर टिचकी मारावी आणि सेटिंग्ज, त्यात स्टोरेज, असे जावे. तेथे वर सी ड्राइव्हचे नाव दिसेल. त्यावर टिचकी मारली की 'ॲड ड्राइव्ह' हा पर्याय येतो. त्यातून डी निवडावा. स्टीम डीवर स्वतःचा एक फोल्डर तयार करते. आता पुन्हा सी ड्राइव्ह निवडला की खाली त्यावरील खेळांची यादी येते. प्रत्येक खेळासमोर तो किती जागा खातो तेही लिहिलेले असते. हवा त्या खेळासमोर खूण करावी, खालचे 'मूव्ह' हे बटण दाबावे, डी निवडावा आणि काम पुरे होईपर्यंत यंत्राला हात लावू नये.

झाल्यावर खेळाच्या नावावर उजवी टिचकी मारून 'प्रॉपर्टीज' उघडावे. त्यात 'इन्स्टॉल्ड फाईल्स' या ठिकाणी खेळाच्या फाईली तपासून घेण्याची सोय आहे. ती वापरावी. वाटेत एखादी फाईल खराब झाली असेल तर स्टीम तेवढीच पुन्हा उतरवते. बिऱ्हाड नव्या घरी पोचल्यावर भांडी मोजून घेतो, तसे हे आहे.

एपिक आणि मायक्रोसॉफ्टचे खेळ

दुसरे मोठे दुकान एपिक गेम्सचे. ते डिसेंबर २०१८ मध्ये सुरू झाले आणि अधूनमधून खेळ फुकट वाटते, म्हणून मुलांना ते प्रिय आहे. एपिकच्या खेळांसाठी चालणारी एक जुनी आणि खात्रीची रीत अशी. खेळाचा फोल्डर आधी डीवर कॉपी करून ठेवावा आणि त्या प्रतीला वेगळे नाव द्यावे. कॉपी पूर्ण झाल्याची खात्री पटल्यावर एपिकमधून खेळ काढावा. मग तोच खेळ पुन्हा बसवायला घ्यावा, पण जागा विचारली जाईल तेव्हा डी ड्राइव्ह द्यावा. दोन-तीन टक्के काम झाले की ते थांबवून एपिकमधून पूर्ण बाहेर पडावे. आता बाजूला ठेवलेल्या प्रतीतील सगळे सामान नव्याने तयार झालेल्या फोल्डरमध्ये टाकावे आणि जुन्यावर नवे लिहू का असे विचारले तर हो म्हणावे. त्यानंतर एपिक उघडून थांबवलेले काम पुन्हा चालू करावे. ते सामान तपासते, आहे ते स्वीकारते आणि कमी असेल तेवढेच उतरवते.

मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून घेतलेल्या खेळांसाठी विंडोजच्या सेटिंग्जमध्ये 'ॲप्स' या भागात जावे. बसवलेल्या कार्यक्रमांच्या यादीत खेळाच्या नावापुढे तीन टिंबे असतात, त्यांत 'मूव्ह' मिळते. विंडोज १० मध्ये टिंबांऐवजी नावावरच टिचकी मारावी लागते. काही खेळांना ही सोय दिलेली नसते आणि 'मूव्ह' दिसतच नाही. अशा खेळाचा हट्ट धरू नये. डेटा परवडेल तेव्हा तो काढून डीवर नव्याने बसवावा.

जुन्या सीडीचे खेळ

पुष्कळ घरांत अजून जुन्या सीडीवरचे खेळ आहेत. त्यांना असे दुकान नाही, त्यामुळे हलवण्याचे बटणही नाही. सीडी किंवा मूळ सेटअप जवळ असेल तर उत्तम मार्ग म्हणजे खेळ कंट्रोल पॅनेलमधून रीतसर काढणे आणि पुन्हा बसवताना 'ब्राउझ' दाबून डी ड्राइव्हचा पत्ता देणे. इंटरनेट लागत नाही आणि नोंदही बरोबर होते.

त्याआधी मुलाची प्रगती जपावी. जुने खेळ ती नोंद बहुधा 'डॉक्युमेंट्स'मध्ये ठेवतात. व्हाइस सिटीचा तेथे 'जीटीए व्हाइस सिटी युजर फाईल्स' नावाचा फोल्डर असतो. काही खेळ ती 'सेव्हड गेम्स'मध्ये ठेवतात, काही 'ॲपडेटा' या झाकलेल्या फोल्डरात. ती शोधून पेनड्राइव्हवर एक प्रत काढावी. हे काम मुलावरच सोपवावे, त्याला ते मनापासून करावेसे वाटेल.

मूळ सेटअप हरवला असेल तर एक मार्ग उरतो. आपल्या जिल्ह्यात परभणी आणि पूर्णा ही दोन रेल्वे जंक्शने आहेत, त्यामुळे शब्द ओळखीचा वाटेल. विंडोजमध्येही जंक्शन असते. खेळाचा फोल्डर डीवर नेऊन सीवर त्याच जागी त्याच नावाची एक पाटी लावायची. खेळ जुन्या पत्त्यावर गेला की ती पाटी त्याला परस्पर डीवर वळवते. खेळाला वाटते आपण सीवरच आहोत. ही पाटी काळ्या पडद्यावर आज्ञा लिहून लावावी लागते आणि एखादे अक्षर चुकले तर काम होत नाही, म्हणून जाणकाराला बसवून करावे.

पेनड्राइव्हवरून हातोहात आलेल्या चोरीच्या प्रतींपासून मात्र दूर राहावे. त्यांच्यासोबत व्हायरस येऊ शकतो. ज्या यंत्रावर आपण आधार क्रमांक, बँक खाते आणि शिष्यवृत्तीचा पासवर्ड टाकतो, त्यात असा पाहुणा घेऊ नये. फुकटचे खेळ सरळ मार्गाने मिळतात, तेवढे पुरे.

कोणता खेळ कुठे ठेवावा?

अलीकडच्या यंत्रांत दोन प्रकारच्या डिस्क येतात. जुनी ती हार्ड डिस्क. तिच्यात तबकडी फिरते. नवी ती एसएसडी. तिच्यात फिरणारे काहीच नसते, त्यामुळे ती कितीतरी वेगवान. पण त्याच किमतीत एसएसडीची जागा कमी मिळते. त्यामुळे लहान एसएसडीवर विंडोज आणि मोठ्या हार्ड डिस्कवर बाकी सामान, अशी मांडणी बऱ्याच ठिकाणी असते.

खेळ एसएसडीवरून हार्ड डिस्कवर नेला तर तो सुरू व्हायला वेळ जास्त लागेल. त्याला बिघाड समजू नये. काही नव्या खेळांना तर एसएसडीच लागते, हे त्यांच्या माहितीत लिहिलेले असते. म्हणून जुने आणि क्वचित खेळले जाणारे खेळ आधी हलवावेत. रोजचा एखादा खेळ, जागा पुरत असेल तर, सीवर राहू द्यावा. सी ड्राइव्हचा निदान पाचवा हिस्सा मोकळा राहील असा बेत करावा. विंडोजला स्वतःच्या दुरुस्त्या उतरवायलाही जागा लागते.

यंत्रात डी ड्राइव्ह नसेल तर बाहेरून जोडायची डिस्क घेता येते. ती शक्यतो निळ्या रंगाच्या यूएसबी तोंडात लावावी, ते बहुधा जलद असते. हिशेब असा आहे. सेकंदाला १०० एमबी वेगाने १०० जीबीचा खेळ सुमारे १७ मिनिटांत जातो. तोच जुन्या यूएसबीतून सेकंदाला ३० एमबी वेगाने गेला तर तासभर लागतो. बारीक फाईली हजारोंनी असल्या तर वेळ आणखी वाढतो.

बाहेरची डिस्क किंवा पेनड्राइव्ह 'फॅट ३२' या पद्धतीने आखलेला असेल तर त्यावर ४ जीबीहून मोठी एकही फाईल मावत नाही. डिस्क रिकामी असूनही "फाईल फार मोठी आहे" असे उत्तर येते आणि माणूस चक्रावतो. खेळांसाठी 'एनटीएफएस' पद्धतीची आखणी घ्यावी. आखणी बदलताना आतले सगळे पुसले जाऊ शकते, म्हणून आधी रिकामी करावी. पेनड्राइव्हवर कायमचा खेळ ठेवून तो चालवणे टाळावे. तो हळू चालतो आणि पेनड्राइव्ह लवकर झिजतो.

वीज जाण्याआधी

भारनियमनाचे दिवस मराठवाड्याने पुष्कळ सोसले आहेत. आजही वारे-पाऊस आला की वीज केव्हा जाईल त्याचा नेम नसतो. खेळ हलवण्याचे काम ऐन वादळात सुरू करू नये. लॅपटॉपची बॅटरी पूर्ण भरून आणि चार्जर लावून बसावे. टेबलावरचा कॉम्प्युटर असेल तर यूपीएस असलेला बरा.

हाताने हलवताना 'कट' कधी करू नये, 'कॉपी' करावे. कचेरीत कागदाची पोच हाती आल्याशिवाय आपण मूळ प्रत सोडत नाही, तसेच येथे वागावे. डीवर खेळ चालू झाला, मुलाची प्रगती दिसली, एकदा यंत्र बंद करून पुन्हा सुरू केले तरी सारे ठीक राहिले, मगच सीवरची जुनी प्रत पुसावी. एका वेळी एकच खेळ हलवावा.

दुकानात देण्यापूर्वी

आता सर्वांत जिव्हाळ्याची गोष्ट. विंडोज १० ला मायक्रोसॉफ्टने देत असलेला सर्वसाधारण आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला. त्यामुळे नवे विंडोज बसवण्यासाठी बरेच जण यंत्र दुकानात देत आहेत. जागा भरली, यंत्र हळू झाले, म्हणूनही दिले जाते. तेथे फॉरमॅट केला की सी ड्राइव्ह कोरा होतो.

डेस्कटॉपवर आणि 'डॉक्युमेंट्स'मध्ये आपण जे ठेवतो, ते बहुतेक यंत्रांत सी ड्राइव्हवरच असते, हे अनेकांना ठाऊक नसते. जातीचा दाखला, जात वैधता प्रमाणपत्र, उत्पन्नाचा दाखला, गुणपत्रिका, शाळा सोडल्याचा दाखला, बँकेचे पासबुक यांच्या स्कॅन केलेल्या प्रती आपण डेस्कटॉपवर ठेवतो, कारण त्या डोळ्यांसमोर राहतात. फॉरमॅटमध्ये त्या एका क्षणात जातात. मूळ कागद घरात असला तर पुन्हा स्कॅन करता येतो. पण मूळ कागद कुठे अर्जासोबत अडकला असेल आणि मुदत उद्याची असेल, तर त्या मुलीचे वर्षाचे नुकसान होऊ शकते. खेळाच्या जागेवरून सुरू झालेले भांडण असे शिक्षणापर्यंत जाऊन पोचते.

म्हणून दुकानात देण्यापूर्वी कागदपत्रांच्या दोन प्रती कराव्यात. एक डी ड्राइव्हवर आणि एक पेनड्राइव्हवर किंवा स्वतःच्या ईमेलमध्ये. दुकानदाराला स्पष्ट सांगावे की "फक्त सी फॉरमॅट करा, डीला हात लावू नका," आणि ते पावतीवर लिहून घ्यावे. सी आणि डी एकाच डिस्कवर असतील तर हे सांगणे फारच गरजेचे आहे, कारण सगळे भाग मोडून नव्याने आखले तर डीही जातो.

डी शाबूत राहिला तर खेळांनाही त्याचा लाभ होतो. नव्या विंडोजवर स्टीम बसवून सेटिंग्जमध्ये डीवरचा जुना फोल्डर दाखवला की स्टीम तेथले खेळ ओळखते आणि पुन्हा शंभर जीबी उतरवावे लागत नाहीत. खेळ आधीच हलवून ठेवलेला असला, की फॉरमॅटची वेळ आली तरी मुलाला रडावे लागत नाही.

घरातला समझोता

हे सारे वाचून एखादी माऊली म्हणेल, "आम्हाला हे कुठे येणार?" माई, हे काम तुम्ही करायचे नाही. ते खेळणाऱ्याने करायचे. आपण फक्त जवळ बसायचे आणि विचारायचे: खेळ किती जीबीचा, डीवर जागा किती, प्रगतीची फाईल कुठे आहे, प्रत काढली का, पोच मिळाली का? जो मुलगा स्वतः वजाबाकी करतो, पत्ता बदलतो, तपासून पाहतो आणि मगच जुनी प्रत पुसतो, तो बसल्या बसल्या यंत्राची व्यवस्था शिकतो. कॉम्प्युटरच्या वर्गात फी भरून जे शिकावे लागते, त्यातले बरेचसे असे घरीच होते.

त्यासाठी घरात एक साधी वही ठेवावी. पहिल्या पानावर लिहावे की सी ड्राइव्ह विंडोजसाठी आणि रोजच्या कामासाठी. डी ड्राइव्हवर तीन फोल्डर: 'कागदपत्रे', 'अभ्यास' आणि 'खेळ'. 'खेळ' किती जीबीपर्यंत वाढू शकतो, तो आकडा सगळ्यांनी बसून ठरवावा आणि लिहावा. नवा खेळ आणायचा तर जागा पाहून, कमी पडली तर कोणता जुना काढायचा ते खेळणाऱ्यानेच ठरवावे. खेळ कोणत्या दिवशी हलवला, कुठून कुठे नेला, तेही टिपून ठेवावे. खेळण्याच्या वेळेचा नियमही त्याच पानावर असावा.

मुलगी खेळत असेल तर तिलाही हाच हक्क द्यावा आणि हीच जबाबदारीही. खेळ म्हटले की मुलगा आणि अर्ज म्हटले की मुलगी, अशी वाटणी पुष्कळ घरांत नकळत होते. ती होऊ देऊ नये.

येत्या रविवारी सगळ्यांनी मिळून 'धिस पीसी' उघडावे. सीवर किती जागा आणि डीवर किती, ते आकडे वहीत लिहावेत. मग आधी ताईची कागदपत्रे डीवर आणि पेनड्राइव्हवर घ्यावीत आणि त्यानंतर धाकट्याचा एक खेळ हलवावा. दोन्ही कामे धाकट्याच्याच हातून करून घ्यावीत.